ग्रंथ तपासला म्हणून खुर्ची गेली : प्रा. विल्यम रॉबर्टसन स्मिथ

महाराष्ट्र शासनाने १९८७ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या इंग्रजी लेखनाचा तिसरा खंड प्रकाशित केला. या खंडात हिंदू धर्माच्या तत्त्वज्ञानाची चिकित्सा करणारे बाबासाहेबांचे हस्तलिखित आहे. त्यात प्राचीन समाजाचा धर्म आणि आधुनिक समाजाचा धर्म यांतील फरक सांगताना बाबासाहेब एका विद्वानाचा वारंवार आधार घेतात. त्या विद्वानाचे नाव प्रा. स्मिथ. आमच्या अनेक विहारांत, वाचनालयांत आणि कार्यकर्त्यांच्या घरांत हे खंड मोठ्या अभिमानाने ठेवलेले आहेत. पण हा स्मिथ कोण, त्याने काय अभ्यास केला आणि त्या अभ्यासाची कोणती किंमत मोजली, याची चर्चा आमच्या व्यासपीठांवर क्वचितच होते. बाबासाहेबांनी ज्यांना वाचले त्यांना आपणही वाचले पाहिजे, तरच बाबासाहेब पूर्णपणे कळतील, असे आम्हाला वाटते. म्हणून आज या माणसाची ओळख करून देत आहोत.

विल्यम रॉबर्टसन स्मिथ यांचा जन्म ८ नोव्हेंबर १८४६ रोजी स्कॉटलंडमधील अॅबर्डीनशायर परगण्यातल्या कीग या खेड्यात झाला. वडील फ्री चर्चचे धर्मोपदेशक होते. हे फ्री चर्च काय होते, हे समजून घेतले पाहिजे. स्कॉटलंडच्या प्रस्थापित चर्चमध्ये कोणत्या गावाला कोणता धर्मोपदेशक द्यायचा, हे ठरविण्याचा हक्क बड्या जमीनदारांकडे होता. या हक्काविरुद्ध १८४३ साली शेकडो धर्मोपदेशक चर्चमधून बाहेर पडले. पगार सोडला, राहती घरे सोडली आणि स्वतंत्र फ्री चर्च उभे केले. त्या काळात भारतात काम करणाऱ्या स्कॉटिश मिशनऱ्यांनीही या नव्या चर्चची बाजू घेतली. महात्मा जोतीराव फुले पुण्यात ज्या स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकले, ती याच परंपरेतली होती. सत्तेपुढे मान न तुकवणारे हे चर्च होते. परंतु बंड करून उभी राहिलेली संस्था आपल्याच घरातल्या बंडखोराला कशी वागवते, हे पुढे स्मिथ यांच्या वाट्याला आले.

स्मिथ लहानपणापासून प्रकृतीने नाजूक होते. शाळेत न घालता वडिलांनी मुलांना घरीच शिकवले. वयाच्या पंधराव्या वर्षी, १८६१ साली, ते अॅबर्डीन विद्यापीठात दाखल झाले. गणित आणि पदार्थविज्ञानात त्यांची बुद्धी इतकी चालत असे की पुढे एडिंबरो विद्यापीठात प्रसिद्ध शास्त्रज्ञ पी. जी. टेट यांचे साहाय्यक म्हणून त्यांनी पदार्थविज्ञान शिकवले. त्याच वेळी एडिंबरोच्या न्यू कॉलेजमध्ये ते धर्मशास्त्र आणि हिब्रू भाषा शिकत होते. मध्यंतरी जर्मनीत बॉन आणि गटिंगेन येथे जाऊन तिथल्या पंडितांची ग्रंथचिकित्सा त्यांनी जवळून पाहिली. प्रयोगशाळेत पुराव्याशिवाय काही मान्य करायचे नाही, ही शिस्त त्यांनी धर्मग्रंथाच्या अभ्यासातही आणली. १८७० साली, वयाची चोविशी पूर्ण होण्यापूर्वीच, अॅबर्डीनच्या फ्री चर्च कॉलेजात हिब्रू भाषा आणि जुना करार शिकविणारे प्राध्यापक म्हणून त्यांची नेमणूक झाली.

आता मुख्य मुद्द्याकडे येऊ. जुन्या करारातील पहिले पाच ग्रंथ मोशेने लिहिले आणि त्यांतील सर्व नियम देवाने मोशेला एकदाच सांगितले, अशी यहुदी आणि ख्रिस्ती धर्मीयांची शतकानुशतकांची श्रद्धा होती. यज्ञ कसे करावेत, पुरोहित कोणी व्हावे, पुरोहिताला कोणता वाटा द्यावा, शुद्ध काय आणि अशुद्ध काय, हे सारे या ग्रंथांत आहे. स्मिथ यांनी हा ग्रंथ इतिहासाच्या कसोटीवर घासला. यात वेगवेगळ्या काळांतले थर आहेत, हे त्यांच्या लक्षात आले. अनुवाद या नावाचा पाचवा ग्रंथ मोशेनंतर कित्येक शतकांनी, यहुदाचा राजा योशीया याने इ.स.पूर्व ६२२ च्या सुमारास केलेल्या सुधारणांशी जोडलेला दिसतो. आणि पुरोहितांच्या कर्मकांडाचे सविस्तर नियम तर त्याहूनही उशिरा पूर्ण रूपात आले. म्हणजे जे सर्वांत जुने म्हणून सांगितले जात होते, ते सर्वांत नंतरचे निघाले!

मग अगोदर काय होते? स्मिथ यांचे उत्तर होते, अगोदर संदेष्टे होते. १८८२ साली प्रसिद्ध झालेल्या 'इस्राएलचे संदेष्टे' या त्यांच्या व्याख्यानग्रंथाचा हाच विषय आहे. लोक समजत होते की संदेष्टा म्हणजे भविष्य सांगणारा. हजार वर्षांनी काय होणार हे ओळखणारा ज्योतिषीच जणू! स्मिथ यांनी दाखवून दिले की संदेष्टा हा प्रथम आपल्या काळाशी बोलतो. आपल्या राजाला, आपल्या पुरोहितांना आणि आपल्या सावकारांना तो जाब विचारतो. त्याला समजायचे असेल तर त्याच्या काळातला समाज समजला पाहिजे.

तो समाज कसा होता? इस्राएली लोक मुळात कुळाकुळांनी राहणारे. जमीन ही कुटुंबाची वडिलोपार्जित ठेव. पुढे राजे आले, दरबार आला, व्यापार वाढला आणि जमीन मूठभरांच्या हाती जाऊ लागली. अहाब राजाची कथा प्रसिद्ध आहे. राजवाड्याशेजारी नाबोथ नावाच्या माणसाचा द्राक्षमळा होता. वडिलोपार्जित जमीन विकायला त्याने नकार दिला. तेव्हा राणीने खोटे साक्षीदार उभे करून त्याच्यावर देवनिंदेचा आरोप ठेवला, त्याला दगडांनी ठेचून मारविले आणि राजाने मळा ताब्यात घेतला. एलिया हा संदेष्टा त्याच मळ्यात जाऊन राजासमोर उभा राहिला आणि त्याला खुनी ठरवून परतला. देवनिंदेचा आरोप ठेवून जमीन लाटण्याची युक्ती किती जुनी आहे, हे यावरून कळते.

इ.स.पूर्व आठव्या शतकात दुसरा यराबाम उत्तरेच्या इस्राएल राज्यावर राज्य करीत होता. राज्याची भरभराट होती. हस्तिदंताने मढवलेले पलंग होते, उन्हाळ्यासाठी एक आणि हिवाळ्यासाठी दुसरा असे वाडे होते. देवळांत यज्ञ, गाणी आणि उत्सव यांची रेलचेल होती. त्याच वेळी गरीब शेतकरी कर्जापायी गुलाम म्हणून विकला जात होता. जोड्याच्या किमतीला माणूस जात होता. अशा वेळी दक्षिणेतल्या तकोवा गावचा आमोस हा मेंढरे राखणारा, उंबराच्या झाडांची निगा करणारा माणूस बेथेलच्या राजमंदिरात येऊन उभा राहिला. तो कोणत्याही पुरोहित घराण्यातला नव्हता. तुमचे यज्ञ देवाला नकोत, तुमच्या उत्सवांचा त्याला वीट आला आहे, त्याला न्याय हवा आहे, असे त्याने सांगितले. खोटी मापे वापरणाऱ्या व्यापाऱ्यांना आणि लाच खाणाऱ्या न्यायाधीशांना त्याने नाव न घेता नागडे केले. बेथेलचा मुख्य पुरोहित अमस्या याने राजाकडे तक्रार केली की हा माणूस राजद्रोही आहे, आणि आमोसला राज्य सोडून जायला फर्मावले. मंदिर राजाचे आहे, इथे बोलायचे नाही, हा त्याचा युक्तिवाद होता. वाचकहो, पुरोहित आणि सिंहासन यांची युती सर्व देशांत एकाच भाषेत बोलते.

आमोसमागून होशेय आला, यरुशलेमात यशया आला. गरिबांच्या जमिनी गिळून आपले शेत वाढविणाऱ्यांवर यशयाने कोरडे ओढले. इ.स.पूर्व ७२२ च्या सुमारास अश्शूरच्या सैन्याने उत्तरेची राजधानी शोमरोन जिंकली आणि ते राज्य संपले. स्मिथ यांचा सिद्धांत असा की या संदेष्ट्यांनी देवाला एका टोळीच्या पक्षपाती रक्षकातून न्यायाचा अधिष्ठाता बनवले. टोळीचा देव आपल्या लोकांची बाजू घेतो, मग ते बरोबर असोत की चूक. आमोसचा देव मात्र आपल्याच लोकांना सर्वांत आधी शिक्षा करतो, कारण त्यांनी आपल्या गरिबांवर अन्याय केला. जगाच्या नैतिक इतिहासातले हे मोठे वळण होते.

हे विचार स्मिथ यांनी प्रथम एन्सायक्लोपीडिया ब्रिटानिकाच्या नवव्या आवृत्तीत मांडले. बायबल या विषयावरचा त्यांचा लेख १८७५ साली प्रसिद्ध झाला आणि फ्री चर्चमध्ये खळबळ उडाली. प्रथम चौकशी समिती नेमली गेली. १८७७ साली त्यांना शिकविण्यास मनाई झाली. मग त्यांच्यावर रीतसर आरोपपत्र ठेवले गेले आणि खटला वर्षानुवर्षे चालला. स्मिथ यांनी एकेक आरोप खोडून काढला. शेवटी अनुवाद ग्रंथ मोशेचा नाही, या विधानाचा आरोप तेवढा उरला. १८८० च्या मे महिन्यात चर्चच्या महासभेने अगदी थोड्या मतांच्या फरकाने त्यांना समज देऊन सोडले. पण लगेच पुढच्या महिन्यात ब्रिटानिकाचा पुढचा खंड बाहेर पडला. त्यात हिब्रू भाषा आणि साहित्य यांवर त्यांचा आणखी एक लेख होता. विरोधकांना नवे निमित्त मिळाले. मे १८८१ मध्ये महासभेने त्यांना प्राध्यापकपदावरून दूर केले.

यातली एक गोष्ट आम्हाला फार महत्त्वाची वाटते. स्मिथ यांना काढण्यात पुढाकार घेणारे चर्चचे पुढारी रॉबर्ट रेनी हे काही अडाणी किंवा दुष्ट गृहस्थ नव्हते. नव्या अभ्यासाबद्दल ते सर्वस्वी असहिष्णूही नव्हते. त्यांची चिंता एकच होती, चर्च फुटू नये. संघटनेची एकजूट टिकावी म्हणून एका सत्यशोधकाचा बळी दिला गेला. जमीनदारांपुढे ताठ उभ्या राहिलेल्या चर्चची पहिली पिढी म्हातारी झाली होती. तिला आता शांतता हवी होती. आणि मिळाले काय? वीस-बावीस वर्षांतच, १९०२ साली, जॉर्ज अॅडम स्मिथ या दुसऱ्या प्राध्यापकाविरुद्ध अशीच तक्रार आली तेव्हा त्याच परंपरेतल्या महासभेने कारवाई करायला नकार दिला. ज्या मतासाठी एकाची नोकरी गेली, ते मत तोवर वर्गावर्गात शिकविले जाऊ लागले होते.

नोकरी गेल्यावर स्मिथ खचले नाहीत. खटला चालू असतानाच त्यांनी एडिंबरो आणि ग्लासगो येथे सामान्य लोकांसमोर व्याख्याने दिली. ज्ञान पंडितांच्या कोंडवाड्यातून लोकांपर्यंत नेले पाहिजे, हा त्यांचा आग्रह होता. ज्या ज्ञानकोशातल्या लेखामुळे ते बडतर्फ झाले, त्याच ज्ञानकोशाचे ते १८८१ मध्ये सहसंपादक झाले, पुढे मुख्य संपादक झाले आणि १८८८ साली ती आवृत्ती त्यांनी पूर्ण केली. दरम्यान इजिप्त आणि अरबस्तानात जाऊन ते अरबी भाषेत पारंगत झाले होते. १८८३ साली केंब्रिज विद्यापीठाने त्यांना अरबी शिकविण्यासाठी बोलावले. तिथे ते ग्रंथपाल झाले आणि १८८९ साली अरबीचे प्राध्यापक झाले. अरबस्तानातील नातेसंबंध आणि विवाह यांवर त्यांचा ग्रंथ १८८५ मध्ये आला आणि 'सेमाइट लोकांचा धर्म' हा सर्वांत गाजलेला ग्रंथ १८८९ मध्ये. जेम्स फ्रेझर यांनी 'गोल्डन बाऊ' हा आपला जगप्रसिद्ध ग्रंथ त्यांनाच अर्पण केला. दुर्खीम आणि फ्रॉइड यांच्यावरही त्यांचा प्रभाव पडला. क्षयाने पोखरलेले शरीर मात्र साथ देईना. ३१ मार्च १८९४ रोजी, वयाच्या अवघ्या सत्तेचाळिसाव्या वर्षी, केंब्रिज येथे त्यांचे निधन झाले.

आता बाबासाहेबांनी त्यांच्याकडून काय घेतले ते पाहू. स्मिथ सांगतात की प्राचीन काळी धर्म ही व्यक्तीच्या निवडीची बाब नव्हती. माणूस जसा कुळात जन्मतो तसा धर्मात जन्मतो. देव आणि माणसे मिळून एकच समाज होत असे आणि धर्म बदलणे म्हणजे समाजच बदलणे होते. यज्ञ म्हणजे मुळात देवाला दिलेली लाच नव्हे, तर देव आणि माणसे यांनी एकत्र बसून केलेले भोजन होते. एका ताटात जेवणारे एका रक्ताचे मानले जात. बाबासाहेबांनी या पायावर आपली मांडणी उभी केली. प्राचीन धर्माच्या केंद्रस्थानी समाज होता आणि समाजाचे हित ही त्याची कसोटी होती. आधुनिक धर्माच्या केंद्रस्थानी व्यक्ती आहे आणि न्याय ही त्याची कसोटी आहे. या दोन्ही कसोट्या लावून बाबासाहेब हिंदू धर्माला तपासतात आणि तो दोन्हींत नापास होतो, असा निष्कर्ष काढतात. स्मिथ यांच्या प्राचीन सेमाइट समाजात निदान एका टोळीतले सारे एका ताटात जेवत होते. इथे तर एकाच धर्माचे म्हणवणाऱ्यांना एका तळ्यावर पाणी पिता येत नव्हते, त्यासाठी १९२७ साली महाडला जावे लागले!

नात्याचा हा विचार बाबासाहेबांनी आणखी पुढे नेला. केवळ सहभोजनाने जात मरत नाही, रक्ताचे नाते जोडणारा आंतरजातीय विवाहच तिच्या मुळावर घाव घालतो, असे त्यांनी १९३६ साली जातिप्रथेच्या उच्छेदाच्या निबंधात बजावले. त्याही आधी, १९१६ साली कोलंबिया विद्यापीठात जातीवरचा निबंध वाचताना, त्यांनी अंतर्विवाह आणि बहिर्विवाह या संकल्पना वापरल्या होत्या. या दोन्ही शब्दांची देणगी जॉन मॅक्लेनन यांची आणि हे मॅक्लेनन म्हणजे स्मिथ यांचे मित्र व मार्गदर्शक. बाबासाहेबांनी जगाचे ज्ञान कसे पचवले, त्याचा हा एक धागा आहे.

स्मिथ यांच्या मर्यादाही सांगितल्या पाहिजेत. त्यांचा कुलचिन्हाचा सिद्धांत पुढच्या संशोधनात टिकला नाही. पुरोहिती ग्रंथाच्या काळाबद्दल आजही विद्वानांत वाद आहेत. संदेष्टे महान आणि नंतरचा यहुदी धर्म म्हणजे घसरण, या त्या काळातल्या मांडणीला प्रॉटेस्टंट अहंकाराचा वास येतो आणि युरोपात यहुद्यांचा द्वेष करणाऱ्यांनी अशा मांडणीचा उपयोग करून घेतला. पुरोहितशाहीवर टीका करताना एखाद्या संपूर्ण लोकसमूहाला हीन ठरवायचे नसते, हे भान आंबेडकरी माणसाने ठेवलेच पाहिजे. शिवाय स्मिथ शेवटपर्यंत श्रद्धावान ख्रिस्ती राहिले. ग्रंथ तपासल्याने श्रद्धा शुद्ध होते, असे ते मानत. बाबासाहेबांची वाट वेगळी होती. जो धर्म न्यायाच्या कसोटीला उतरत नाही त्यात राहण्याचे कारण नाही, असे ठरवून १४ ऑक्टोबर १९५६ रोजी त्यांनी धर्मांतर केले. धर्म बदलणे म्हणजे समाज बदलणे, हे स्मिथ यांच्या ग्रंथात वाचलेले सत्य त्यांनी नागपूरला लाखो लोकांसह प्रत्यक्षात उतरवले.

धर्मग्रंथाची चिकित्सा करणाऱ्याला शिक्षा होते, हे आमच्या लोकांना नव्याने सांगायला नको. १९३६ साली लाहोरच्या जातपात तोडक मंडळाने बाबासाहेबांच्या भाषणातला वेदांवरील टीकेचा भाग वगळण्याचा आग्रह धरला. बाबासाहेबांनी नकार दिला, परिषदच रद्द झाली आणि त्यांनी ते भाषण स्वखर्चाने छापले. १९८७-८८ साली रिडल्सच्या खंडावरून महाराष्ट्रात काय गदारोळ झाला आणि आपल्या जनतेला कसे रस्त्यावर उतरावे लागले, हे अनेक वाचकांनी प्रत्यक्ष पाहिले आहे. फ्री चर्चची महासभा आणि आमच्याकडचे धर्ममार्तंड यांत फरक एवढाच की तिथे निदान आरोपीला आपली बाजू मांडायला वर्षे मिळाली.

परंतु बोट केवळ दुसऱ्यांकडे दाखवून आमचे काम संपत नाही. बाबासाहेबांनी ही कसोटी स्वतःच्या धम्मालाही लावली. १९५७ साली प्रकाशित झालेल्या 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात त्यांनी म्हातारा, रोगी आणि प्रेत पाहून सिद्धार्थाने घर सोडले ही परंपरागत कथा नाकारली. जे बुद्धिसंगत आणि तर्कसंगत आहे, जे माणसाच्या कल्याणाचे आहे, तेच बुद्धवचन म्हणून स्वीकारावे, अशी कसोटी त्यांनी दिली. आपल्या ग्रंथाला प्रश्न विचारण्याचे हे धैर्य आमच्यात किती उरले आहे? आमच्या एखाद्या तरुणाने पाली शिकून, त्रिपिटकाचे थर तपासून, प्रचलित समजुतीच्या विरुद्ध काही मांडले तर आम्ही त्याला ऐकून घेऊ, की चळवळ फुटेल या भीतीने रेनींप्रमाणे त्याला गप्प बसवू? एकजूट आम्हाला हवीच आहे. पण सत्यशोधकाला बाहेर काढून मिळवलेली एकजूट ही स्मशानशांतता असते.

आमची वाचकांना एक सूचना आहे. प्रत्येक विहारात आठवड्यातून एक दिवस तिसरा खंड उघडून वाचला जावा. प्रा. स्मिथ यांचे नाव आले की थांबावे आणि त्यांचा ग्रंथ मिळवून वाचावा. पाली, संस्कृत, जमल्यास हिब्रू शिकणारी मुले-मुली आपल्या वस्तीतून तयार व्हावीत आणि त्यांच्या शिक्षणाचा खर्च समाजाने उचलावा. मेंढपाळ आमोस पुरोहिताच्या मंदिरात उभा राहिला तेव्हा त्याच्याजवळ पद नव्हते, घराणे नव्हते, न्यायाचा आग्रह तेवढा होता. खेड्यातल्या घरात शिकलेला स्मिथ महासभेसमोर उभा राहिला तेव्हा त्याच्याजवळ अभ्यास होता. आमच्या चळवळीला न्यायाचा आग्रह वारसाहक्काने मिळाला आहे. अभ्यास मात्र प्रत्येक पिढीला नव्याने करावा लागतो.